रसरेशमाचं पहिलं ताट

दूरदेशी रसविद्या, म्हणजे किमया, शिकून आलेल्या मैनाला वाटलं होतं, आई वेशीपर्यंत सामोरी येईल. घरात मात्र नुसता माग होता. शेजारची विणकरीण म्हणाली, "पोरी, महिना झाला तिला जाऊन. शेवटी अंगावर नुसती हाडं उरली होती गं."

आई राजवाड्यासाठी रसरेशीम विणायची. त्या रेशमाच्या फडक्यात मूठभर तांदूळ बांधून शिजवले की शंभर माणसांची पंगत तृप्त होई.

त्याच दुपारी दरबारातून बोलावणं आलं. राजेसाहेब कडाडले, "तुझ्या आईचं शेवटचं फडकं खोटं निघालं. पाहुणे भरपूर जेवूनही उपाशी उठले. तो माग आज जाळणार."

मैनाने मुदपाकखान्याच्या कारभाऱ्याला विचारलं, "काका, फडक्यातल्या भाताचं पहिलं ताट ते विणणारीकडे जातं ना? तीच तिची मजुरी."

"वर्षापूर्वी बंद केलं. उगाच नासाडी."

मैना राजेसाहेबांकडे वळली. "मग फडकं खरंच आहे, महाराज. विणणारीच्या पोटात असतं तेच या रेशमात उतरतं. आईच्या पोटात तुम्ही भूक ठेवलीत. तिने ती प्रामाणिकपणे विणून दिली."

राजेसाहेब कारभाऱ्याकडे वळून म्हणाले, "माग राहू दे. उद्यापासून ताट येईल."

सकाळी वाफाळतं ताट आलं. मैना शेवटच्या शितापर्यंत जेवली. तिने ठरवलं होतं, आजच मागावर बसायचं, आणि पहिलं फडकं वाड्यासाठी नाही, विणकरआळीच्या चुलीसाठी विणायचं.