अर्धं सोललेलं संत्रं

"एकही वाक्य नाही? मग मी तिथे बसून करायचं काय, गुरुजी?"

रेइजी तणतणतच आत आला. युद्ध संपून काही वर्षं झाली होती, तोक्योचे स्टुडिओ पुन्हा गजबजले होते आणि या पोराला नायक व्हायची कोण घाई! उद्याच्या चित्रीकरणात वाट्याला आला होता शेजारी. एक म्हातारी आई युद्धात गेलेल्या मुलाबद्दल बोलणार आणि शेजाऱ्याने बसून नुसतं ऐकायचं.

निशिवाकी गुरुजींचा सगळा जन्म असल्याच कामांत गेला होता. कधी मामा, कधी स्टेशनमास्तर, बहुतेकदा शेजारी. पोस्टरवर नाव शोधूनही सापडायचं नाही. पण स्वारी कशी मजेत! शेगडीशी बसून संत्रं सोलत होते.

"मी उद्या येत नाही. सामान बांधलंय. संध्याकाळच्या गाडीने गावी चाललो."

"गावी कोण असतं?"

"आई. तिला आता काय सांगू? मुक्याचं काम मिळालं म्हणून?"

"..."

"गाव सोडून इकडे निघालो तेव्हा कडाक्याची थंडी होती. मला कोट नव्हता..." रेइजीचा आवाज खाली आला. "हा अंगातला बाबांचा आहे. ते आघाडीवरून परतलेच नाहीत. आई म्हणायची, येतील. दर हिवाळ्यात कोट उन्हात घालायची, पुन्हा घडी करून पेटीत ठेवायची. कुणाला हात लावू द्यायची नाही. त्या दिवशी तिने स्वतःच पेटी उघडली. घडी मोडली. माझ्या अंगावर चढवला, बटणं लावली. म्हणाली, तुला अगदी बरोबर बसतोय."

"..."

"बाबा येणार नाहीत, हे तिने तेव्हाच... तोंडाने नाही बोलली, गुरुजी. एक शब्दही नाही."

आणि पोरगं ढसाढसा रडलं. हे त्याने आजवर कुणापुढे काढलं नव्हतं. रडून झाल्यावर फार हलकं वाटलं, मग लाज वाटली, आणि त्याने मान खाली घातली.

समोर गुरुजींच्या हातात संत्रं होतं. साल अर्धीच निघालेली, अंगठ्याखाली तशीच लोंबत राहिलेली.

तो बघत राहिला...

"तुमचा हात केव्हा थांबला?"

"तुझ्या आईने घडी मोडली तेव्हा."

शेगडीवर चहाचं पाणी उकळत होतं. उठलं कुणीच नाही. रेइजीने बाहीने नाक पुसलं. भिंतीवरच्या घड्याळात गाडीची वेळ होत आली होती. त्याने तिकडे पाहिलंसुद्धा नाही.

"गुरुजी... उद्या मी तिथे बसून करायचं काय?"

सवाल तोच, पण आता त्यात तणतण नव्हती.

गुरुजी हसले. संत्रं त्यांनी अलगद त्याच्या हातावर ठेवलं.

"राहिलेलं तू सोल."