एकसष्ट हजार किलोमीटर, ओरखडा नाही

"पण त्या गाडीला डिझेलचा वास येतो का?" उस्तादनं विचारलं.

रावसाहेब घुले गडबडला. दुपारच्या उन्हात सात किलोमीटरचा घाट पायी चढून तो आला होता, अजून धाप थांबली नव्हती, आणि पहिलाच प्रश्न हा.

"न्हाई उस्ताद. वास कसा येणार? टीव्हीत हाय ती."

"इंजिन तापतं?"

"तापल्याचं दाखवतात. काटा वर जातो."

"काट्याचं सोड. तुझं बूड तापतं का, ते विचारतोय मी."

रावसाहेब हसला नाही. पूर्वी हसला असता.

आता रावसाहेब म्हणजे काही खेळण्यांच्या वयाचा माणूस नव्हे. वय पन्नाशीला टेकलेलं, सव्वीस वर्षं दहाचाकी हाकलेली. मोरदऱ्याच्या घाटातून कांदा भरलेली गाडी खाली न्यावी तर रावसाहेबानंच, असं शेठ चारचौघांत सांगायचा आणि हा मिशीला पीळ देऊन ऐकायचा. असा गडी. आणि गेल्या अकरा महिन्यांत त्यानं खऱ्या गाडीच्या पायरीवर पाऊल ठेवलं नव्हतं.

कासम उस्ताद त्याचा गुरू. घाटात गाडी उतरवायला शिकवणारा. तीस-चाळीस ड्रायव्हर त्याच्या हाताखालून गेले असतील. बायको गेली, डोळ्यांत मोतीबिंदू उतरला, तसा तो घाटमाथ्यावर पीरसाहेबाच्या ओट्याशेजारी पत्र्याची खोली बांधून राहिला. ओटा झाडायचा, उदबत्ती लावायची, थांबणाऱ्या ड्रायव्हरला पाणी द्यायचं. लोक त्याला फकीर म्हणायला लागले. म्हणा बापडे, म्हणाला.

त्याच्या शागिर्दांत एक रिवाज होता. ज्याच्या गाडीखाली माणूस गेलं, त्यानं उस्ताद 'चालव' म्हणेपर्यंत स्टिअरिंगला हात लावायचा नाही. लायसन सरकार देतं. हा शब्द उस्ताद देतो.

रावसाहेब तो शब्द न्यायला आला होता.

"नीट सांग," उस्ताद म्हणाला. "तो खेळाचा डबा आणला कुणी?"

"जावयानं. मला घरात बसलेलं बघवंना त्याला. महिन्याची वर्गणी भरली की शे-दोनशे खेळ फुकट. शेतीचा हाय, इमानाचा हाय, क्रेनचा हाय. एक तर नुसता गाड्या धुवायचा हाय."

"धुवायचा?"

"व्हय. पाण्याचा फवारा मारत बसायचं."

"अन् लोक वर्गणी भरून ते करतात?"

"करतात."

उस्तादनं कपाळाला हात लावला. "माझ्या हयातीत म्या गाड्या धुतल्या त्या फुकटच गेल्या म्हणायच्या."

मग जरा वेळानं म्हणाला, "हं. तुझं बोल."

"त्यात ट्रकचा एक हाय. खरोखरचा वाटतो, उस्ताद. आरसे, गिअर, वजन, उतार, सगळं. सात महिने चालवतोय. एकसष्ट हजार किलोमीटर झाले. ओरखडा न्हाई. बर्फात चालवली, पावसात चालवली. म्हणजे हात गेलेला न्हाई माझा..."

"कशानं चालवतोस?"

रावसाहेबानं दोन्ही अंगठे हवेत हलवून दाखवले.

"अंगठ्यानं?"

"रिमोट असतो."

"हं..."

खालून एक गाडी दम टाकत वर आली. ओट्यासमोर आल्यावर ड्रायव्हरनं एक हात कपाळाला लावला आणि पुढे गेला. उस्ताद आवाजावरूनच म्हणाला, "दुसरा गिअर घासतोय त्याचा."

रावसाहेबाला राग यायला लागला होता. माणूस एवढा घाट चढून येतो, पोटातलं सांगतो, आणि म्हातारा मस्करी करतो. शेठचा निरोप आला होता. नवी गाडी घेतलीय, सोमवारी कांदा भरायचाय, येणार असशील तर ये, नाहीतर दुसरा माणूस बघतो. आणि मेल्या त्या खेळाचंही तसंच. परवा टीव्हीवर पाटी आली, हा खेळ या महिनाअखेर वर्गणीतून निघणार. का, तर निघणार. फुकट दिलेलं कधी काढून घ्यायचं, ते देणाऱ्याच्या हातात. म्हणजे ती गाडीही जाणार आणि ही मिळाली नाही तर रावसाहेबानं करायचं काय? खाटेवर पडून पत्र्याकडे बघायचं?

"त्यात झोपेचं काय करतात?" उस्तादनं मधेच विचारलं.

"कसली झोप?"

"ड्रायव्हर दमत न्हाई का?"

"दमतो की. जांभई देतो, डोळ्यांपुढं अंधारी येते. मग कडेला लावायची, बटण दाबायचं. आठ तास झोप लगेच पुरी. ताजा होतो."

"कोण?"

"त्यातला ड्रायव्हर."

"अन् तू?"

रावसाहेबानं खाली बघितलं. पायांना घाटाची लाल धूळ लागली होती.

"मला झोप न्हाई, उस्ताद," तो म्हणाला. "अकरा महिने न्हाई. डोळा लागतो अन् उघडतो. लई दमलोय. खरं सांगतो, बसून बसून इतकं दमतं माणूस, हे म्हाईत नव्हतं मला."

उस्तादनं पाण्याचा तांब्या त्याच्याकडे सरकवला.

"रस्त्यावर माणसं असतात का त्यात?" त्यानं हळूच विचारलं.

"असतात. फुटपाथवर. रस्त्यावर न्हाई येत."

"कधीच?"

"कधीच न्हाई. दुसरी गाडी ठोकली तर दंड पडतो अन् पुन्हा चालू. माणूस मधे येतच न्हाई."

"अन् हॉर्न? हॉर्न कुठल्या बटणावर हाय?"

रावसाहेब सांगायला गेला... आणि थांबला. अंगठे पुन्हा हवेत हलले. डावा, उजवा. एकसष्ट हजार किलोमीटर.

"असंल कुठंतरी," तो म्हणाला. "लागला न्हाई कधी."

उस्ताद उठला. गुडघ्यावर हात देऊन, अल्ला अल्ला करत, पत्र्याच्या खोलीत गेला. आत भांडी वाजली. रावसाहेबाला वाटलं, चहा टाकतोय. चहा दिला म्हणजे नाही म्हणायचं असेल, त्याची सवय रावसाहेबाला ठाऊक होती.

उस्ताद परात घेऊन बाहेर आला. ज्वारीचं पीठ कडेला वाळून चिकटलेलं, मधोमध पोचा.

"धर."

"परात?"

"आम्ही शिकलो तेव्हा गाडीला हात लावू देत नव्हते कुणाला. सहा महिने स्टिअरिंग म्हणून परात फिरवली म्या. धर म्हणतो ना! खाटेवर सरळ बस. डोळे मीट."

"उस्ताद, मी सव्वीस वर्षं..."

"मीट!"

पन्नाशीचा माणूस पिराच्या ओट्यासमोर परात धरून डोळे मिटून बसला. कुणी बघितलं असतं तर काय म्हणालं असतं! रावसाहेबाचे कान लाल झाले. उस्ताद त्याच्या डाव्या हाताला येऊन बसला, तेव्हा खाट करकरली.

"माल काय हाय?"

"...कांदा. सोळा टन."

"कुठं चाललास?"

"कुठं चाललो?"

"हाच घाट. खाली. सोड गाडी."

रावसाहेबानं डावा पाय जमिनीवर दाबला. हात आपोआप बाजूला गेला आणि गिअर पडला. त्याचं त्यालाच नवल वाटलं.

"दुसऱ्यात घेतली," तो पुटपुटला.

"घे. घाई न्हाई."

पहिलं वळण परातीतून सहज गेलं. डाव्या हाताला पांढऱ्या दगडांची कड, मग टाक्याचं वळण, मग सरळ उतार, तिथं गाडी अंगावर येते. पाय ब्रेकवर हलका. सोड, दाब, सोड. सोळा टन पाठीशी ढकलतायत ते त्याला मणक्यात कळत होतं. टीव्हीसमोर सात महिन्यांत हे एकदाही कळलं नव्हतं. घामानं परात हातातून निसटायला लागली.

"आता कुठं?"

"उंबराचं वळण येतंय."

"बरं."

"उस्ताद... पुरं झालं?"

"वळण येतंय म्हणालास ना?"

रावसाहेबानं तोंडानं आवाज काढला. लहान पोरं काढतात तसा.

"पोंऽऽऽ"

घाटात गाडी नव्हती. वारा तेवढा होता.

"पोंऽऽऽ... पोंऽऽऽऽ..."

"किती वाजवतोस?"

"बाजूला व्हत न्हाई तो!"

रावसाहेबाचा उजवा पाय जमिनीत रुतला होता. परात त्यानं छातीशी ओढून धरली होती. डोळे मिटलेलेच, आणि मिटलेल्या डोळ्यांतून पाणी मिशीवर उतरत होतं.

"कोण?"

"पाववाला. सायकल ढकलत येतोय. पाठीमागं पेटी... वर बघत न्हाई. चढ हाय ना, खाली मान घालून ढकलतोय. उस्ताद, म्या थांबलोय. गाडी थांबलीय माझी. तो हालत न्हाई."

उस्ताद खाटेवर त्याच्याजवळ सरकला.

"तवा वाजवला नव्हता म्या." आवाज इतका बारीक झाला, की उस्तादला कान जवळ न्यावा लागला. "पोलिसांनी विचारलं, ब्रेक तपासला, कागद तपासले. चूक तुझी न्हाई म्हणाले. शेठ म्हणाला, बायको म्हणाली, जावई म्हणाला. हॉर्न वाजवला का, हे कुणीच न्हाई विचारलं. सव्वीस वर्षं त्या वळणावर वाजवला. त्या दिवशी न्हाई वाजवला. का न्हाई, तेबी म्हाईत न्हाई. उगाच. पाठ झाला होता घाट मला..."

पत्रा उन्हानं तडतडला.

"रोज सकाळी मला चार पाव देऊन जायचा," उस्ताद म्हणाला. "पैसे घ्यायचा न्हाई. पिराचे, म्हणायचा. गेनू नाव त्याचं."

"ठाऊक हाय. कागदावर वाचलं."

"चहा प्यायचा हितं. सारखा बोलायचा, डोकं उठवायचा माझं. तो गेला अन् ह्या वयात मला भाकरी थापायला शिकावं लागलं. मोडतात अजून."

रावसाहेबानं डोळे उघडले. उस्तादचे पांढुरके डोळे घाटाकडे लागलेले होते. अकरा महिने हा माणूसही इथं बसून होता. हे रावसाहेबाच्या डोक्यातच आलं नव्हतं. त्याला लाज वाटली, जन्मात वाटली नव्हती एवढी.

"उस्ताद, मला शिव्या द्या. कायतरी बोला."

"दमलोय रं मी," उस्ताद म्हणाला. "शिव्या कुठून देऊ."

त्यानं हात पुढे केला. परात सोडवून घ्यायला त्याला रावसाहेबाची बोटं एक एक करून उघडावी लागली.

रावसाहेब उठला. चपला घातल्या. पुन्हा काढल्या, ओट्यावर डोकं टेकवलं, पुन्हा घातल्या. आता विचारण्यात काही अर्थ नव्हता. जो परातीतसुद्धा वळण घेऊ शकला नाही, त्याला कोण गाडी देणार? सोमवारी दुसरा माणूस बघतील. महिनाअखेर टीव्हीतलीही जाईल. त्याला खरंच वाटलं, एका परीनं सुटलो.

"शेठला न्हाई म्हणून कळवतो," तो म्हणाला. "माझ्याच्यानं व्हायचं न्हाई, उस्ताद. कुठलीबी गाडी दिली तरी तो त्या वळणावर असणार. जाणारच न्हाई तो."

"अजून दिसतोय?"

"डोळे उघडे हायेत तरी दिसतोय."

उस्ताद परातीच्या कडेचं वाळलेलं पीठ नखानं खरवडत राहिला. वर बघितलं नाही.

"तो दिसतोय तोवर चालव," उस्ताद म्हणाला. "दिसेनासा झाला, की असशील तिथं गाडी कडेला लाव अन् उतर."