दसऱ्याचं लिंबू

कराडच्या बाजारात वत्सलाबाई कारखानीस यांचं बंदुकांचं परवानाधारक दुकान होतं. एकवीस वर्षं पूर्ण न झालेल्या गिऱ्हाइकाला त्या बंदुकीला हातसुद्धा लावू देत नसत. ऐन दसऱ्याला सभापती विश्वासराव थोरबोले मुलाला घेऊन दुकानात शिरले.

"बाई, आमच्या जयसिंगला ती दुनळी द्या. परवान्याचं मी बघतो."

"वय किती?"

"एकोणीस. पण वाघ आहे वाघ! वय काय विचारताय?"

"कायदा विचारतो, म्हणून मीही विचारते. मिळणार नाही."

"उद्या दुकानाला टाळं लागेल!"

"लागू द्या. तरी मिळणार नाही."

विश्वासराव लालबुंद झाले. दारात त्यांची नवीकोरी जीप झेंडूच्या माळा घालून उभी होती. नुकतीच तिथेच तिची पूजा झाली होती. चाकांखाली ठेवलेली लिंबं चिरडून गाडी पुढे घ्यायची तेवढी राहिली होती. वत्सलाबाईंनी तिकडे पाहिलं.

"बरं, असं करा. चिरंजीवांनाच गाडी लिंबांवरून पुढे घेऊ द्या. मग बंदुकीचं बोलू."

जयसिंगनं हरखून हात पुढे केला. विश्वासरावांनी किल्ली मुठीत आवळली.

"छे छे! रस्त्यावर केवढी माणसं आहेत! हा भसकन पाय दाबेल आणि गाडी घालेल कुणाच्या तरी अंगावर. अजून पोर आहे ते!"

वत्सलाबाईंनी दुनळी कपाटात ठेवली आणि कुलूप लावलं.

"माणसं तीच आहेत, साहेब. गाडीची किल्ली तुम्ही जपा, कपाटाची मी जपते."