सतरावा सोमवार

फार वर्षांमागे डोंगराच्या पायथ्याशी एक गाव होतं. लेकीसुनांनो, बाळांनो, त्या गावात एक गृहिणी राहायची. नवरा दुखण्यातून उठावा म्हणून तिने सोळा सोमवारांचं व्रत धरलं होतं.

चौदाव्या सोमवारी नैवेद्याचा चुरमा कालवताना, गूळ पुरे आहे ना बघू, म्हणून तिने सवयीने चिमूटभर तोंडात टाकला. आणि जीभच चावली. उपास मोडला, नैवेद्यही उष्टा झाला! तिने वर पाहिलं, तर समोरच्या दारातून शेजारची म्हातारी तिच्या खिडकीकडेच बघत होती.

झालं! तेव्हापासून तिला जिकडेतिकडे डोळेच दिसू लागले. पाणवठ्यावर बाया हसल्या की वाटे, मलाच हसतात. म्हातारी खोकली की वाटे, कुणाला तरी खुणावतेय. कुंपणावरचा कावळासुद्धा तिला चहाडखोर वाटू लागला. तिने खिडकी गच्च लावली. अंगणात जायलाच नको, म्हणून तुळसही घरात आणली.

नवरा अंथरुणावरून म्हणाला, "अगं, धुराने मी खोकतोय ते राहू दे. पण तुळशीने काय चोरी केली, तिला कोंडलीस ती?"

तिने खिडकीची कडी पुन्हा एकदा चाचपली.

सोळाव्या सोमवारी तिन्हीसांजेला दारावर थाप पडली. म्हातारीच! हिने दार जेमतेम किलकिलं केलं.

"पोरी, खिडकी का गं लावतेस? मला आता देवळाची पायरी चढवत नाही. तुझ्या समईचा उजेड दिसला, की दारातूनच हात जोडते आणि उपास सोडते. गेल्या सोमवारी वाट बघून उपाशीच निजले."

हिला रडू फुटलं. "काकू, मी नैवेद्य चाखला होता. तुम्ही पाहिलंत ना?"

"मला समईपलीकडचं दिसतं होय! देवाला सांगितलंस का?"

"लाज वाटली."

"वेडी गं! ज्याला सांगायचं त्याला सांगितलं नाहीस, आणि ज्यांना ठाऊकच नाही त्यांच्यापासून लपत बसलीस. एक सोमवार वाढव. मी आहे सोबतीला."

तिने देवापुढे चूक कबूल केली आणि खिडकी उघडली.

सतराव्या सोमवारी तुळस अंगणात डुलत होती. नवरा काठी टेकत ओसरीवर येऊन बसला होता. नैवेद्य दाखवून तिने चुरम्याचा पहिला घास म्हातारीच्या हातावर ठेवला.

"गूळ कमी पडलाय हं," म्हातारी म्हणाली, आणि दोघी पोट धरून हसल्या.

तिचं मन जसं निवलं, तसं तुमचंआमचं निवो. चूक देवापुढे कबूल केली, की जगाच्या डोळ्यांचं भय उरत नाही.