महाराज धक्क्यावर काय म्हणाले?

"अगं, तो तुला शिव्या देतो शिव्या! मी सांगतो ना!" रंगोजीराजे गरजले. मुरंग बंदराचे धनी ते. एकदा बोलले की बोलले!

समोर भिवरी उभी होती. ही तांडेलाची लेक, आणि तो आफ्रिकेहून आलेला खलाशी जुमा. दोघांनी लग्नाची परवानगी मागितली होती. जुमाचा बाप स्वाहिली बोलणारा, आई सोमाली, आजी मादागास्करची. म्हणून गडी रोज एकच गोष्ट तीन भाषांत सांगे: 'नाकुपेंडा', 'वान कु जेअलहाय', 'तियाकू इयानाव'. माझं तुझ्यावर प्रेम आहे! ऐकून भिवरीला आभाळ ठेंगणं होई.

"तिन्हींचा अर्थ प्रेमच, हे उद्या सिद्ध कर," राजे म्हणाले. "पण त्या मुलखाचा साक्षीदार नको, ते सगळे जुमाचीच री ओढणार! ज्याला त्या भाषांतलं ओ की ठो कळत नाही, असाच साक्षीदार हवा. नाहीतर जुमा पहिल्या गलबताने परत!"

आता सांगा, भाषाच न कळणारा माणूस अर्थाची साक्ष देणार कशी? दरबार फिदीफिदी हसला.

"चालेल!" भिवरी म्हणाली. "उद्या साध्या कपड्यांत धक्क्यावर या, महाराज. राणीसाहेबांनाही आणा, गंमत बघायला."

दुसऱ्या दिवशी धक्क्यावर राणीसाहेब पडदा ओढून मेण्यात बसल्या. भिवरीने राजांना ते शब्द पढवले आणि त्या त्या मुलखाच्या माणसांना ऐकवायला सांगितले. समोर झांजिबारचा, स्वाहिली बोलणारा आडदांड नाखवा दोर गुंडाळत होता.

"नाकुपेंडा!" राजे ठसक्यात म्हणाले.

नाखव्याच्या हातून दोरच गळाला! गडी असा लाजला की त्याचे खलाशी हसून लोळायला लागले.

"वान कु जेअलहाय!" राजांनी सोमाली व्यापाऱ्याला ऐकवलं. बिचारा पागोट्याच्या शेवाने तोंड झाकून पोत्यांआड पळाला.

"हे काय चाललंय, पोरी?"

"एकच राहिलं, महाराज! ती लवंगा विकणारी मादागास्करची बाई."

"तियाकू इयानाव!"

बाईने राजांना नखशिखान्त न्याहाळलं. गोड हसली. केसांतलं फूल काढून तिने त्यांच्या हातावर ठेवलं.

फर्रकन मेण्याचा पडदा सरकला! "अहो! माझ्यादेखत? भर बाजारात परक्या बाईला प्रेमाच्या गोष्टी? इतकी वर्षं संसार केला, मला कधी म्हणालात असं?"

"महाराज, राणीसाहेबच माझ्या साक्षीदार!" भिवरीने हात जोडले. "विचारा, त्यांना यातली एक तरी भाषा येते का? तरी अर्थ बरोबर कळला!"

राजांनी राणीकडे पाहिलं, हातातल्या फुलाकडे पाहिलं, आणि पोट धरून हसत सुटले.

"हरलो, बाई! लग्न माझ्या खर्चाने, आणि जुमाला नवं कोरं गलबत आंदण! पण आता पळू नकोस. राणीसाहेबांना कुठल्या भाषेत म्हणू, तेवढं सांग!"

"त्यांना मराठीतच म्हणा, महाराज. आणि लवकर म्हणा!"