आव्याजवळची सुनावणी

सांगा बरं, न्यायाला उशीर झाला की आपण सगळेच हळहळतो. पण न्याय घाईघाईने उरकला गेला, तर ते कोणाच्या लक्षात येते?

एकदा एका लहानशा देशातले राजाचे राज्य गेले आणि लोकांचे राज्य आले. राजाच्या काळी खटले इतके रेंगाळत, की आजोबांनी लावलेल्या खटल्याचा निकाल नातवाने ऐकावा. नव्या सरकारने ठरवले, आधी न्यायालये सुधारायची. म्हणून डोंगराजवळच्या एका तालुक्यात त्यांनी एक तरुण न्यायाधीश बाई पाठवली. त्या देशातल्या सर्वांत वृद्ध न्यायवेत्त्याच्या हाताखाली ती शिकली होती.

तिने कामाचा सपाटा लावला. तारखांवर तारखा बंद केल्या, वकिलांची टाळाटाळ बंद केली. वर्षभरात कपाटेच्या कपाटे रिकामी झाली. "बाईंकडे गेलं की महिन्यात मोकळं," असे लोक म्हणू लागले. ते ऐकून तिला अभिमान वाटे, आणि तो अभिमान काही खोटा नव्हता.

पुढे न्यायालयाची नवी दगडी इमारत उभी राहिली. उद्घाटनाला तिने आपल्या गुरुजींना बोलावले. मंत्री आले, वकील आले, मांडव भरला. आणि नेमका त्याच वेळी आवाराच्या पूर्वेच्या भिंतीपलीकडून धूर येऊ लागला. लोक खोकू लागले.

"मागे कुंभारवाडा आहे, बाईसाहेब," कारकून म्हणाला. "मडकी भाजायला आवा पेटवलाय. आत्ता विझवून येतो."

तो गेला आणि पडलेल्या चेहऱ्याने परत आला. "म्हातारी ऐकत नाही. म्हणते, आधी मला विझव, मग आवा."

गुरुजींना हसू आले. "चल, बघू या तरी कोण आहे," असे म्हणून ते काठी टेकत निघाले. शिष्येलाही मागोमाग जावे लागले.

भिंतीपलीकडे गोवऱ्या, पेंढा आणि राखेखाली झाकलेला मडक्यांचा मोठा ढीग धुमसत होता. कोंडाबाई नावाची म्हातारी त्याभोवती फिरत होती. जिथून ज्वाळा डोके काढी, तिथे ती ओली राख टाके. तिची नजर आव्यावरून हलत नव्हती.

"आणखी माणसं आली का?" ती वळूनही न बघता म्हणाली. "बाबांनो, आवा पेटला की कुंभार तीन दिस जागचा हलत नाही. घरात मयत झाली तरी माझ्या सासऱ्यानं आवा सोडला नव्हता. वाऱ्यानं एक बाजू भडकली तर बारा घरांची मडकी तडकतील."

"आम्ही विझवायला नाही आलो, बाई," गुरुजी म्हणाले.

"मग एक सांगा. तुम्ही शिकलेले दिसता. ही भिंत आमच्या मातीच्या खाणीवर कशी आली? बांधताना विचारलं, तर गवंडी म्हणाले, सरकारी हुकूम. चांगली चिकण माती सगळी तिच्याखाली गेली. उरलीय ती चार महिने पुरंल. मग बारा घरांनी काय चुलीतली राख मळायची?"

गुरुजींनी शिष्येकडे पाहिले. "या जमिनीचा काही निकाल झाला आहे?"

"झाला आहे, गुरुजी. मीच दिला. चावडीपुढे दवंडी दिली होती, तीन दिवसांची मुदत होती. कोणीही हक्क सांगायला आले नाही. जमीन सरकारजमा केली. सगळे नियमाप्रमाणे झाले."

"कधीची गोष्ट?"

"माघातली. अमावास्येच्या सुमाराची."

"तेव्हा तर आमचा मोठा आवा होता!" कोंडाबाई म्हणाली. "चावडी इथून कोसभर. दवंडी पिटली का ढोल वाजला, आम्हाला काय कळणार?"

मग गुरुजींनी एक नवल केले. अंगावरची सत्काराची शाल काढून त्यांनी दगडावर ठेवली, राखेची पाटी उचलली आणि म्हणाले, "कुठे टाकायची ते सांग, बाई. मी टाकतो. तू तोवर या न्यायाधीश बाईंशी बोल."

"अहो, तुमचे हात भाजतील!"

"मग नीट सांग."

ज्यांच्यापुढे राजाचे दिवाणही उभे राहत, ते ऐंशी वर्षांचे गुरुजी एका कुंभारणीच्या शब्दासरशी डावीउजवीकडे धावत होते. भिंतीवरून मंत्र्यांची माणसे डोकावत होती.

"गुरुजी, मांडवात सगळे खोळंबले आहेत," शिष्या हळूच म्हणाली. "हे काय चालले आहे?"

गुरुजींनी पाटी खाली ठेवली. "मुली, तू कपाटे रिकामी केलीस, ते चांगलेच केलेस. वेळ वाचवायचा तो कारकुनाच्या टेबलावर, वकिलाच्या सबबीत. ऐकण्यातला वेळ मात्र आपला नव्हे, तो समोरच्या माणसाचा असतो. ज्याचे ऐकलेच नाही, त्याच्यावर दिला जातो तो नुसता हुकूम. हुकूम राजाही देतच होता. हिला आवा सोडता येत नाही. पण न्यायाला उठून इथवर येता येते. पुढे काय ठरवायचे, ते मी सांगणार नाही. ते तुझे काम आहे."

मग शिष्येने सरकारी वकिलाला तिथेच बोलावले आणि स्वतः एका उलट्या मडक्यावर बसली.

"माझा आधीचा निकाल मी मागे घेते," ती म्हणाली. "हा खटला आता पहिल्यापासून ऐकते."

वकील कुजबुजला, "बाईसाहेब, अहो, सरकारने आपलीच भिंत पाडायची? लोक हसतील."

"हसू द्या. तुमचे म्हणणे मांडा."

त्याने मांडले. कोंडाबाईने खाण दाखवली. पाच पिढ्यांच्या कुदळींचे घाव एकाखाली एक थरांत उमटले होते. शेजारच्या शेतकऱ्यांनी शपथेवर साक्ष दिली. बोलता बोलता म्हातारी मध्येच ओरडे, "आजोबा, तिकडं, तिकडं ज्वाळा!" आणि गुरुजी पाटी घेऊन धावत.

दिवस कलताना निकाल झाला. जमीन कुंभारांची. भिंत सरकारने काढून घ्यावी. चूक न्यायालयाची होती, अशी नोंद करावी.

कोंडाबाई पहिल्यांदाच आव्याकडे पाठ करून उभी राहिली. "सरकार म्हणतंय, सरकार चुकलं?" तिने दोनदा विचारले. राजाच्या काळात कोणी असे ऐकले नव्हते. वर्षभरात इतके निकाल दिले, पण आपल्या हातात केवढी मोठी गोष्ट सोपवली आहे, हे शिष्येला आज प्रथम उमगले.

आवा निवल्यावर, चौथ्या दिवशी सकाळी सरकारी गवंड्यांनी पूर्वेच्या भिंतीचा पहिला दगड काढला, आणि कोंडाबाई कुदळ घेऊन खाणीत उतरली.