दुसरा दोर

फार जुनी गोष्ट आहे, मंडळी. इतकी जुनी, की तेव्हा डोंगरांनाही मिसरूड फुटलं नव्हतं. अशाच एका कोवळ्या डोंगराच्या माथ्यावर एक गाव होतं आणि गावाच्या टोकाला एक कडा होता. कडा किती उंच? वरून टाकलेला दगड खाली पोचेपर्यंत त्याच्यावर शेवाळ धरायचं. आणि वारा? तिथल्या कोंबड्या पायाला खडा बांधून दाणे टिपायच्या. ज्यांना खोटं वाटत असेल, त्यांनी एखादी कोंबडी बगलेत मारून तिकडे जावं आणि खात्री करून घ्यावी.

कड्याच्या पोटाला आग्यामोहोळाची पोळी लोंबायची, बैलगाडीच्या चाकाएवढाली. ती काढणारा गावात एकच, गोमा. कमरेला दोर बांधून तो कड्याखाली उतरायचा. एका हातात धुमसता पाला, दुसऱ्या हातात कोयता. वर दोर धरायचा त्याचा मेहुणा, चिंधू.

ही तिथली रीतच होती. दोर बायकोच्या भावानं धरायचा, सख्ख्या भावानं नाही. सख्ख्या भावाला उद्या जमीन वाटून घ्यायची असते, त्याच्या हाताचा काय भरवसा? बायकोचा भाऊ मात्र आपल्याच बहिणीचं कुंकू कशाला पुसेल? पंधरा वर्षं गोमा उतरत होता आणि पंधरा वर्षं चिंधू त्याला वर घेत होता.

सोळाव्या वर्षी, मध काढायला चार दिवस उरले असताना, गोमाला पहाटे स्वप्न पडलं.

तो कड्यावर लोंबतोय. वारा येतो आणि त्याला वाळक्या पानासारखा उचलतो. तो वर बघतो, तर दोर सैल. कड्यावर कुणी नाही. वारा त्याला दरीवरून नेतो, नेतो, आणि मग एकाएकी थांबतो.

तिथंच गोमाला जाग आली. दुसऱ्या पहाटेही तेच, तिसऱ्या पहाटेही तेच.

"काय हो, अंग कसं भिजलंय तुमचं?" बायकोनं, ठकीनं, विचारलं.

"उकडतंय."

"या वाऱ्यात?"

गोमानं कूस बदलली. तुझ्या भावानं मला सोडलेलं मी बघितलं, असं बायकोला सांगणार कसं?

तो स्वप्नाचा अर्थ विचारत गावात फिरला. कुंभार म्हणाला, "वाऱ्यानं उचललं? अरे, नशीब वर जाणार तुझं!" शेजारची म्हातारी म्हणाली, "लांबचा प्रवास घडेल रे बाबा. तीर्थाला जाशील." दोन्ही अर्थ चांगले होते आणि दोन्ही फुकट मिळाले होते. त्यामुळे गोमाचा एकावरही विश्वास बसला नाही.

मग तो बाजाराच्या गावी गेला. तिथं वडाखाली स्वप्नांचे अर्थ सांगणारा एक दाढीवाला बसायचा. गोमानं त्याच्यासमोर मधाचं मडकं ठेवलं. दाढीवाल्यानं बोट बुडवून चाटलं, डोळे मिटले आणि विचारलं, "तुला स्वतःला काय वाटतं?"

"मला वाटतं, माझा दोर कुणीतरी सोडणार."

"तेच!" दाढीवाला म्हणाला आणि त्यानं मडकं आपल्याकडे ओढून घेतलं.

आपलीच भीती मडकंभर मध देऊन विकत घेऊन गोमा घरी आला. आणि विकत घेतलेली वस्तू कुणी टाकून देतं का?

त्या संध्याकाळी चिंधू अंगणात बसून दोराला तेल लावत होता. हातभर दोर पुढे घ्यायचा, बोटांनी चाचपायचा, पुन्हा पुढचा हातभर.

"दाजी," तो हसून म्हणाला, "यंदा जड झालात का हो? पोट सुटल्यागत दिसतंय."

दर वर्षीची थट्टा. दर वर्षी गोमा उलटून म्हणायचा, तुझ्या बहिणीला विचार, तीच घालते खायला. यंदा तो ती थट्टा मनात उलटीपालटी करत राहिला. जड झालात, असं का म्हणाला हा? हात सुटायला आधीच कारण शोधून ठेवतोय? आणि दोराला तेल? तेलानं दोर निसटतो. गोमाला आठवलं, मागल्या वर्षी यानं शेळी मागितली होती आणि आपण दिली नव्हती. एका शेळीसाठी? माणसं त्याहून कमी किमतीत मारतात, असं त्याच्या मनानं त्याला सांगितलं. मन अशा वेळी फार हुशार असतं, मंडळी.

मध काढायच्या दिवशी सकाळी गोमा सगळ्यांच्या आधी कड्यावर गेला. कड्याजवळ एक भला मोठा धोंडा होता. त्या धोंड्यामागे बसून, पाय धोंड्याला रोवून, चिंधू दोर धरायचा. तिथून त्याला कडा दिसायचा नाही, नुसता दोर दिसायचा. खालून दोराला दोन हिसके बसले, की ओढायचं. गोमानं धोंड्याच्या पलीकडच्या अंजनीच्या झाडाला दुसरा दोर बांधला, गवताखालून कड्यापर्यंत आणला आणि त्याचं टोक उपरण्याखाली कमरेला आवळलं. झाडाला ना शेळी हवी, ना जमीन.

चिंधू आला, धोंड्यामागे बसला आणि म्हणाला, "चला दाजी, सांभाळून."

गोमा उतरला. पोळ्यापाशी पोचला, धूर दिला आणि पहिला काप घेणार तोच वारा उठला. कोंबड्या बांधूनही उडाव्यात असा वारा! धूर क्षणात पांगला, माश्या खवळल्या. गोमानं दोराला दोन हिसके दिले.

दोर ताणला गेला. गोमा दोन हात वर गेला आणि थांबला. त्यानं पुन्हा हिसके दिले. काही नाही. वारा त्याला दरीवर झोकत होता, परत कड्यावर आपटत होता. त्यानं वर बघितलं. कड्यावर कुणी नव्हतं.

"चिंधू!" तो ओरडला. हाक वाऱ्यात विरली.

तेवढ्यात दोर हातभर खाली घसरला. सोडला! सोडतोय! तो डोळे मिटून झाडाच्या दोराला बिलगला. तेव्हा कुठं त्याला कळलं की तो दोर वरून येतच नाहीये, खालून येतोय. सैल लोंबणारा तो दोर वाऱ्यानं उडवून पोळ्याशेजारच्या खडकाच्या सुळक्याला गुंडाळला होता. चिंधू वर ओढत होता आणि झाडाचा दोर गोमाला खाली धरून ठेवत होता.

गोमाच्या मनगटावर वरून काहीतरी ओघळलं. त्याला वाटलं, मध. पण ते लाल होतं. दोरावरून ते सावकाश खाली येत होतं आणि दोर वीणेच्या तारेसारखा थरथरत होता. सोडणाऱ्याच्या हातातला दोर असा थरथरत नाही.

कोयता हातात होता. झाडाचा दोर कापला, तर उरणार फक्त चिंधू. माश्या डोळ्यांवर बसत होत्या. कोयता दोनदा चुकला. तिसऱ्यांदा त्यानं कापलं.

तो वर आला, तेव्हा चिंधू धोंड्याला टेकून बसला होता. त्याच्या दोन्ही तळहातांची सालं निघाली होती.

"आलात!" तो म्हणाला आणि लहान पोरासारखा रडायला लागला. मग त्याची नजर गोमाच्या कमरेकडे गेली. तिथं कापलेला तुकडा लोंबत होता. त्यानं उठून झाडाकडे बघितलं. गाठ बघितली.

"हा कशाला, दाजी?"

"स्वप्न पडलं होतं," गोमा खाली मान घालून म्हणाला. "वारा मला नेतोय. आणि वर... वर कुणी नाही."

चिंधू पुन्हा धोंड्याला टेकून बसला. वारा दोघांच्या मधून वाहत राहिला.

"मलाही पडतं," शेवटी तो म्हणाला. "दर वर्षी, याच दिवसांत. दोर हातातून सुटतो आणि तुम्ही वाऱ्यावर. मग मला जेवण जात नाही. हातभर हातभर दोर चाचपत बसतो, कुठं विरलाय का बघत. तेल लावतो, वाळून तुटू नये म्हणून." त्यानं आपले हात उपरण्यात गुंडाळले. "मला एकदा सांगायचं होतंत, दाजी. दोघं मिळून भ्यालो असतो."

"चुकलं माझं. पुढच्या वर्षी..."

"पुढच्या वर्षी झाडालाच सांगा," चिंधू म्हणाला. "झाडाला स्वप्नं पडत नाहीत." आणि तो उतरणीला लागला.

त्यानंतर चिंधू भाऊबीजेला येत राहिला. ठकीकडून ओवाळून घ्यायचा, पोटभर जेवायचा, दाजींशी पाऊसपाण्याचं बोलायचा. दोराची गोष्ट निघाली, की तळहात मिटून घ्यायचा. गोमा पुन्हा कधी कड्याखाली उतरला नाही. पोळी वाढत गेली, मधानं जड होऊन आपोआप दरीत तुटून पडू लागली, आणि त्या गावातल्या पोरांना मधाची चव फक्त ऐकून माहीत राहिली.

म्हणून सांगतो, थोरांनो आणि पोरांनो: ज्याच्या हाती आपला जीव आहे त्याला आपली भीती आधी सांगावी, कारण लपवून कमरेला बांधलेली भीतीच माणसाला वाऱ्यावर टांगून ठेवते.